अनाथोथचे शेत आणि मांजरा नदी

शास्त्रपाठ : यिर्मया ३२:६-२५, रोमकरांस पत्र ८:१८-२५, २ पेत्र ३:५-१४

पाठाचा मुख्य विचार : ख्रिस्ती आशा म्हणजे ही पृथ्वी सोडून जाण्याची वाट पाहणे नव्हे. देव जिला टाकून देत नाही, त्या पृथ्वीवर त्याच्या दिवसापर्यंत विश्वासूपणे काम करीत राहणे, ही ख्रिस्ती आशा होय.



सृष्टीवर आलेल्या संकटाविषयी आता कोणाला नव्याने सांगावे लागत नाही. २०२४ हे मोजणी सुरू झाल्यापासूनचे सर्वांत उष्ण वर्ष ठरले. १८५० ते १९०० ह्या काळातील सरासरीपेक्षा त्या वर्षी पृथ्वीचे तापमान सुमारे १.५५ अंश सेल्सिअसने अधिक होते, असे जागतिक हवामान संघटनेने जाहीर केले. आकडा लहान दिसतो. परंतु अंगात ताप किती अंशांनी वाढला म्हणजे माणूस आजारी पडतो, हे घरातील प्रत्येक आईला ठाऊक आहे.

ह्या संकटाविषयी आपल्या मंडळ्यांत दोन उत्तरे ऐकू येतात. काही म्हणतात, “पृथ्वी शेवटी अग्नीने जळून जाणार, असे पवित्र शास्त्रच सांगते, मग डागडुजी कशाला? आत्म्यांचे तारण झाले म्हणजे पुरे.” दुसरे, विशेषतः आपले शिकलेले तरुण, म्हणतात, “आता फार उशीर झाला. आपल्या चार झाडांनी काय होणार?” पहिल्या उत्तराला आपण श्रद्धा म्हणतो आणि दुसऱ्याला निराशा. परंतु दोहोंचे फळ एकच आहे. दोन्ही माणसे हात बांधून बसतात. ह्या दोहोंहून निराळी अशी आशा शास्त्र आपल्याला देते काय, हे आपण ह्या पाठात पाहणार आहोत.

१. एका नदीचा प्रवास

‘पर्यावरण’ हा शब्द फार मोठा आहे, आणि मोठा शब्द मनाला टोचत नाही. म्हणून एकाच नदीकडे पाहू. मांजरा नदी बीड जिल्ह्यात, पाटोदा तालुक्यात, बालाघाटच्या डोंगरांत उगम पावते. लातूर जिल्ह्यातून ती कर्नाटकात बिदरच्या भागात जाते. तेथून तेलंगणात शिरून संगारेड्डी व मेदक ह्या बाजूंनी वळसा घेत अखेर गोदावरीला मिळते. हा प्रवास सातशे किलोमीटरांहून अधिक लांबीचा आहे. वाटेत मराठी, कन्नड आणि तेलुगू बोलणारे तिचे पाणी पितात. तेलंगणात तिला मंजीरा म्हणतात, आणि १९६०च्या दशकापासून हैदराबाद शहराला तिचे पाणी नळाने मिळत आले आहे. तेव्हा लातूरकडचा विश्वासी आणि हैदराबादच्या मराठी मंडळीतील विश्वासी हे एकाच नदीचे पाणी पिणारे शेजारी आहेत, जरी त्यांनी एकमेकांना कधी पाहिले नसले तरी.

ह्या नदीवरील दोन गोष्टी सांगतो.

पहिली लातूरची. धनेगाव येथील मांजरा धरणावर लातूर शहराची तहान भागते. २०१६ च्या उन्हाळ्यात ते धरण आटले. त्या मार्च महिन्यात पाणी भरण्याच्या ठिकाणी भांडणे होऊ नयेत म्हणून जमावबंदीचा हुकूम काढावा लागला. एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणले गेले. पहिल्या गाडीला दहा टाक्या होत्या आणि त्यांत पाच लाख लिटर पाणी होते. पुढे त्याच वर्षी पावसाळा संपता संपता मराठवाड्यात अतिवृष्टी होऊन पूर आले. उन्हाळ्यात घोटभर पाणी नाही आणि पावसाळ्याच्या अखेरीस घरात पाणी, अशी ही अवस्था. पाऊस लहरी झाला, हे खरे. परंतु सगळा दोष आभाळाला देता येत नाही. महाराष्ट्रात ऊस पिकाखालच्या जमिनीच्या सुमारे ४ टक्क्यांवर असतो, आणि तो सिंचनाच्या पाण्याचा निम्म्याहून अधिक वाटा पिऊन टाकतो. पावसाने नेहमी हात आखडलेल्या मुलखातही ऊस आणि साखर कारखाने वाढत गेले.

दुसरी गोष्ट हैदराबादजवळच्या पाटणचेरूची. तेथे १९७०च्या दशकापासून औद्योगिक वसाहत वाढली आणि औषधांचे पुष्कळ कारखाने आले. त्यांचे सांडपाणी नक्कावागू नावाच्या ओढ्यातून मंजीरेला जाऊन मिळू लागले. विहिरी बिघडल्या, भातशेती गेली, आणि शेवटी १९९० मध्ये हे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोहोचले. २००७ मध्ये स्वीडनच्या शास्त्रज्ञांनी तेथील सांडपाणी शुद्धीकरण केंद्रातून बाहेर पडणाऱ्या, म्हणजे ‘शुद्ध’ झालेल्या पाण्याची तपासणी प्रसिद्ध केली. त्या पाण्यात सिप्रोफ्लॉक्सासिन ह्या जंतुनाशक औषधाचे प्रमाण एका लिटरला ३१ मिलिग्रॅमपर्यंत आढळले. औषध घेतलेल्या रोग्याच्या रक्तातदेखील ते इतके नसते. अशा पाण्यात वाढणारे जंतू औषधाला दाद देईनासे होतात, आणि मग तीच गोळी खऱ्या आजारात निकामी ठरते.

आता विचार करा. ह्या दोन्ही गोष्टींत एकच दुष्ट माणूस शोधू गेलो तर तो सापडत नाही. ऊस लावणारा शेतकरी हमखास दोन पैसे देणारे पीक शोधतो. साखर आपण चहात घालतो. कारखाना स्वस्त औषध बनवतो, आणि तापात पडलेल्या आपल्या मुलाला आपण तेच औषध देतो. तरी नदी कधी आटते, कधी विषारी होते. होशेय संदेष्ट्याने चौथ्या अध्यायाच्या आरंभी हेच पाहिले होते : देशात सत्य, दया व देवाचे ज्ञान उरले नाही म्हणजे जमीन शोक करते आणि पाण्यातले मासेदेखील नाहीसे होतात (होशेय ४:१-३). पाप केवळ मनात राहत नाही. ते ओढ्यात उतरते.

२. पृथ्वी जळून जाणार आहे काय?

आता त्या पहिल्या उत्तराकडे वळू. त्याचा आधार बहुधा २ पेत्र ३:१० हा असतो. ते वचन गंभीर आहे आणि ते सौम्य करण्याचा आपल्याला अधिकार नाही. देव न्याय करणार आहे, आणि त्या न्यायाचे चित्र प्रेषिताने अग्नीचे घेतले आहे. परंतु ते वचन एकटे न वाचता त्याच्या आजूबाजूची वचने वाचावी.

पाचव्या ते सातव्या वचनांत प्रेषित जलप्रलयाची आठवण देतो. तो म्हणतो की त्या वेळचे जग पाण्याने नाश पावले. पण तेव्हा काय नाश पावले? दुष्टाई आणि तिचा सगळा पसारा. पाणी ओसरल्यावर नोहाने ज्या जमिनीवर पाय ठेवला ती जुनीच जमीन होती, आणि त्याच जमिनीवर देवाने सर्व प्राणिमात्रांशी करार केला (उत्पत्ती ९:८-१७). अग्नीचा न्याय प्रेषित त्या पाण्याच्या न्यायाशेजारी ठेवतो. सोनार सोने भट्टीत घालतो ते सोने नाहीसे व्हावे म्हणून घालीत नाही. हीण जावे म्हणून घालतो.

शिवाय दहाव्या वचनाच्या शेवटी एक लक्षात घेण्यासारखी गोष्ट आहे. काही हस्तलिखितांत पृथ्वी व तिजवरील कामे जळून जातील असा पाठ आहे, आणि पुष्कळ जुनी भाषांतरे त्यावरून झाली. परंतु चौथ्या शतकातील सिनाई आणि व्हॅटिकन ह्या नावांनी ओळखल्या जाणाऱ्या प्राचीन प्रतींत तेथे निराळे ग्रीक क्रियापद आहे. त्याचा अर्थ ‘सापडेल’, म्हणजे ‘उघडकीस येईल’, असा होतो. ह्या पाठाप्रमाणे त्या दिवशी पृथ्वी आणि तिच्यावर माणसांनी केलेली कामे देवापुढे उघडी पडतील. बंधुभगिनींनो, हे अधिक भिववणारे आहे! सर्व जळून गेले असते तर हिशोबही जळाला असता. पण येथे वही उघडली जाणार आहे. नक्कावागूत रात्री कोणी काय सोडले, धरणातले पाणी कोणी कोणाच्या वाट्याचे घेतले, आणि मंडळीने हे पाहून काय केले, हे सर्व सापडणार आहे.

म्हणूनच प्रेषित पुढे ‘आता स्वस्थ बसा’ असे म्हणत नाही. तुम्ही कसल्या प्रकारची माणसे असले पाहिजे, असे तो विचारतो, आणि जेथे नीतिमत्त्व घर करून राहील अशा नव्या आकाशाकडे व नव्या पृथ्वीकडे बोट दाखवतो. ‘नवी’ ह्यासाठी त्याने जो ग्रीक शब्द वापरला आहे तो ‘कैनोस’ हा आहे. त्यात नुसती दुसरी वस्तू असा भाव नसून गुणाने नवी झालेली असा भाव असतो. प्रकटीकरणाच्या एकविसाव्या अध्यायातही हाच शब्द आहे, आणि तेथे माणसे वर उडून जात नाहीत. देवाची नगरी खाली उतरते.

ह्या सर्वाचा पाया प्रभूच्या पुनरुत्थानात आहे. देवाने येशूचे शरीर कबरेत सोडून त्याला दुसरे दिले नाही. जे शरीर वधस्तंभावर खिळले गेले तेच गौरवयुक्त होऊन उठले, आणि थोमाला दाखवण्यासाठी त्याच्यावर खिळ्यांच्या खुणा होत्या. जो देव आपल्या पुत्राचे जखमी शरीर टाकून देत नाही, तो आपली जखमी सृष्टीही टाकून देणार नाही.

३. सृष्टीचे कण्हणे

आता दुसरे उत्तर, निराशेचे. पौलाने रोमच्या मंडळीला लिहिले तेव्हा त्याने संकट झाकून ठेवले नाही. सृष्टी कण्हत आहे, ती नाशाच्या दास्यात आहे, आणि ती स्वखुशीने तेथे गेलेली नाही, असे तो स्पष्ट सांगतो. मात्र हे कण्हणे कसले? मरणाऱ्याची घरघर वेगळी आणि बाळंतिणीच्या वेणा वेगळ्या. भिंतीपलीकडून ऐकणाऱ्याला दोन्ही आवाज सारखेच वाटतील. पौल म्हणतो की हे वेणांचे कण्हणे आहे. खोलीतील सुईण घाबरून पळून जात नाही आणि ‘सर्व आपोआप होईल’ म्हणून झोपतही नाही. ती जागी राहते, पाणी तापवते आणि धीर देते.

आणखी पाहा. सृष्टी कण्हते, आपणही कण्हतो, आणि पुढे सव्विसाव्या वचनात पवित्र आत्माही शब्दांपलीकडच्या कण्हण्याने आपल्यासाठी विनंती करतो. तेव्हा आटलेल्या नदीकाठी जी मंडळी प्रार्थना करते ती एकटी नसते. आणि सृष्टी कशाची वाट पाहते? देवाचे पुत्र प्रकट होण्याची. सृष्टीचे डोळे आपल्याकडे लागले आहेत! जे ख्रिस्तामध्ये नवे झाले त्यांच्या वागण्यात तिला आपल्या सुटकेची पहिली खूण दिसायची आहे. ती खूण तिला आपल्या मंडळीच्या आवारात दिसते काय?

आशा आणि अंदाज ह्यांतील भेदही पौल येथे दाखवतो. जे दिसते त्याची आशा करावी लागत नाही. पाऊस चांगला पडेल, सरकार कायदा करील, यंत्रे सुधारतील, हे अंदाज आहेत. ते खरे ठरोत. पण ते खोटे ठरले म्हणजे अंदाजावर जगणारा माणूस खचतो. आपली आशा आकड्यांवर उभी नाही. ती ज्याने वचन दिले त्याच्यावर उभी आहे. म्हणून आकडे वाईट आले तरी आपण ते न लपवता वाचू शकतो.

४. सतरा शेकेलांचे शेत

ही आशा हातापायांनी कशी दिसते हे पाहायचे असेल तर यिर्मयाकडे जावे. सिद्कीया राजाचे दहावे वर्ष होते. बाबेलच्या सैन्याने यरुशलेमाला वेढा घातला होता. यिर्मया स्वतः पहारेकऱ्यांच्या चौकात कैदेत होता. शहर पडणार, हे त्यानेच सांगितले होते आणि त्याच अपराधाबद्दल तो कैदेत होता. अशा वेळी त्याचा चुलतभाऊ हनामेल येतो आणि म्हणतो, अनाथोथचे माझे शेत विकत घे.

त्या शेताची किंमत काय असणार? अनाथोथ यरुशलेमापासून जवळच होते, आणि तो मुलूख शत्रूने वेढलेला होता. शहाण्या माणसाने असे शेत फुकटदेखील घेतले नसते. यिर्मयाने सतरा शेकेल रुपे तोलून दिले. साक्षीदार बोलावले. खरेदीखताची एक मोहोरबंद व एक उघडी, अशा प्रती करवल्या आणि बारूखाच्या हातून त्या मातीच्या मडक्यात ठेवविल्या, म्हणजे पुष्कळ दिवस टिकाव्या. आपल्या भाषेत सांगायचे तर त्याने सातबारा कोरा राहू दिला नाही.

येथे तीन गोष्टी शिकण्यासारख्या आहेत. पहिली, यिर्मयाने सत्य लपवले नाही. शहर वाचेल असे खोटे सांत्वन त्याने दिले नाही. तरी त्याने शेत घेतले. दुसरी, त्याला शंका आली. व्यवहार पुरा झाल्यावर तो देवाला विचारतो की शहर शत्रूच्या हाती जात असता हे शेत घ्यायला मला का सांगितलेस (वचन २५). आधी आज्ञापालन आणि मग प्रश्न! शंका फिटेपर्यंत तो थांबला नाही. तिसरी, त्या शेतात यिर्मयाने पीक घेतल्याचे शास्त्रात कोठेही नाही. पुढे लोकांनी त्याला मिसर देशी नेले (यिर्मया ४३). त्याने शेत घेतले ते त्याच्यानंतर येणाऱ्यांसाठी.

आशा म्हणजे ही मडक्यात ठेवलेली खरेदीखते होत.

५. मंडळीने काय करावे?

उत्पत्ती २:१५ मध्ये मनुष्याला बागेत जे काम नेमून दिले आहे त्यासाठी दोन इब्री क्रियापदे आहेत. एकाचा अर्थ कसणे किंवा सेवा करणे, दुसऱ्याचा राखणे. हीच जोडी गणना ३:७-८ मध्ये लेव्यांच्या निवासमंडपातील सेवेसाठी येते. म्हणजे जमीन राखणे हे देवापुढे उपासनेच्या जातीचे काम आहे. ते सरकारवर सोडून आपण फक्त गीते गावीत, असे होऊ शकत नाही.

आपल्या पूर्वजांना हे ठाऊक होते. मांजरेच्या काठच्या मुलखातलेच उदाहरण घ्या. मेदकचे भव्य मंदिर १९२४ च्या नाताळाच्या दिवशी समर्पित झाले. वेस्लियन मिशनरी चार्ल्स वॉकर पॉस्नेट ह्यांनी ते दुष्काळाच्या दिवसांत, भुकेल्या लोकांना काम व अन्न मिळावे म्हणून, उभारायला घेतले. त्या पिढीने संकटाला उत्तर दिले ते भाकरीने आणि श्रमाने. आपल्या पिढीचे उत्तर काय? पाच गोष्टी सुचवतो.

(अ) जमीन राखा. जुन्या मिशनच्या काळातील आवारे, शेते, झाडे, विहिरी आपल्याला वारशाने मिळाल्या. पुष्कळ ठिकाणी ती आवारे तुकड्यातुकड्यांनी विकली गेली, आणि सावली देणाऱ्या झाडांच्या जागी इमारती उठल्या. कधी खरी गरज असते, हे मान्य. परंतु जमीन विकण्याचा ठराव मंडळीपुढे आला म्हणजे वडीलमंडळींनी यिर्मया ३२ वा अध्याय उघडून वाचावा आणि मगच हात वर करावा. वेढ्यात जमीन घेणाऱ्या संदेष्ट्याची लेकरे शांततेच्या काळात जमीन विकून मोकळी होत असतील, तर आपल्या आशेविषयी लोकांनी काय समजावे?

(आ) पाणी मोजा. एक चौरस मीटर छपरावर एक मिलिमीटर पाऊस पडला म्हणजे एक लिटर पाणी होते. मंदिराचे छप्पर २० मीटर लांब व १० मीटर रुंद असेल तर ते २०० चौरस मीटर झाले. वर्षाला ७०० मिलिमीटर पाऊस धरला तर त्यावर १,४०,००० लिटर पाणी पडते. पाचवा हिस्सा वाया गेला असे समजले तरी १,१२,००० लिटर उरते. म्हणजे पाच हजार लिटरचे बावीस टँकर! हे पाणी गटारात न जाता विहिरीत, कूपनलिकेजवळच्या शोषखड्ड्यात किंवा टाकीत जावे. अहिल्यानगर जिल्ह्यातील हिवरे बाजार ह्या गावाने १९९० च्या सुमारास असाच निश्चय केला. दरवर्षी पाण्याचा ताळेबंद मांडून त्याप्रमाणे पिके ठरवायची आणि उसासारखी पिके टाळायची, असे नियम गावाने स्वतःला लावून घेतले, आणि दुष्काळी गाव सावरले. ते गाव ख्रिस्ती नाही. परंतु ज्या देवाने कोरेश राजाला आपल्या कामासाठी बोलावले त्याने शेजाऱ्याकडून शिकण्याची लाज आपल्याला का वाटू द्यावी?

(इ) नोकरीत खरे राहा. बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाकडे जकातदार व शिपाई आले तेव्हा त्याने त्यांना नोकरी सोडून रानात या, असे सांगितले नाही. आपापल्या कामात अन्याय करू नका, असे सांगितले (लूक ३:१२-१४). आपल्या मंडळ्यांत कारखान्यांतील कामगार, रसायनशास्त्रज्ञ, अभियंते, सरकारी तपासनीस, डॉक्टर, परिचारिका आणि औषधविक्रेते आहेत. सांडपाण्याच्या खोट्या अहवालावर सही न करणे, ही ख्रिस्ताची साक्ष आहे. त्या साक्षीसाठी कोणाची बढती गेली किंवा बदली झाली, तर मंडळीने त्याला एकटे सोडू नये. घरातही एवढे करावे : जंतुनाशक औषध डॉक्टरांच्या सल्ल्यावाचून घेऊ नये, आणि उरलेल्या गोळ्या मोरीत टाकू नयेत.

(ई) आपल्या नदीचे नाव उपासनेत घ्या. प्रत्येक मंडळीजवळ एक नदी आहे. इंदूरच्या मंडळीजवळ कान्ह आहे. ती शहराची घाण घेऊन क्षिप्रेला मिळते. वडोदऱ्याच्या मंडळीजवळ पावागडाकडून येणारी विश्वामित्री आहे. २०२४ च्या ऑगस्टात तिचा पूर घराघरांत शिरला. आपण पावसासाठी प्रार्थना करतो, नदीसाठीही करावी. जिच्यासाठी दर रविवारी प्रार्थना होते तिच्यात निर्माल्य असो वा हंगामाच्या सणाची थर्माकोलची ताटे असोत, टाकायला हात धजत नाही.

(उ) दोन्ही काठांसाठी प्रार्थना करा. हे सर्वांत कठीण. म्हादई नदी बेळगाव जिल्ह्यातील खानापूर तालुक्यात उगम पावते आणि गोव्यात मांडवी होते. तिच्या पाण्यासाठी २०१० मध्ये लवाद नेमला गेला. २०१८ च्या ऑगस्टात त्याने कर्नाटकाला १३.४२, गोव्याला २४ आणि महाराष्ट्राला १.३३ टीएमसी पाणी ठरवून दिले. तेवढ्याने वाद मिटला नाही. राज्ये सर्वोच्च न्यायालयात गेली. हे मासिक बेळगावातही वाचले जाते आणि गोव्यातही. एका काठच्या विश्वासीला शेताची व पिण्याच्या पाण्याची काळजी आहे. दुसऱ्या काठच्याला नदी आटून समुद्राचे खारे पाणी आत चढण्याची, रान व मासळी जाण्याची काळजी आहे. दोन्ही काळज्या खऱ्या आहेत. मंडळीने कोणत्या राज्याची बाजू घ्यावी, हे मी सांगणार नाही. परंतु प्रभुभोजनाच्या मेजावर एकाच भाकरीचे भागी होणाऱ्यांनी एकमेकांच्या तहानेचा विचार न करता आपल्याच विजयासाठी प्रार्थना करावी, हे शोभत नाही. बेळगावच्या मंडळीने गोव्याच्या मांडवीसाठी आणि गोव्याच्या मंडळीने खानापूरच्या शेतकऱ्यासाठी प्रार्थना करावी. आणि जिला स्वतःचा वकील नाही त्या नदीला जिवंत राहण्यास किती पाणी लागते, हा प्रश्न दोघांनी मिळून विचारावा. जगाला जे जमत नाही ते ख्रिस्ताच्या शरीरात जमू शकते, हे दाखवण्याची हीच वेळ आहे.

६. श्रम व्यर्थ नाहीत

“इतके करून नदी सुधारेल काय?” असे कोणी विचारील. मी प्रामाणिकपणे सांगतो, एका मंडळीच्या शोषखड्ड्याने मांजरा भरणार नाही आणि एका तपासनिसाच्या सचोटीने नक्कावागू स्वच्छ होणार नाही. कायदा लागेल, सरकार लागेल, पुष्कळ लोकांचे पुष्कळ वर्षांचे श्रम लागतील. तरी पौलाने करिंथच्या मंडळीला पुनरुत्थानावर तो थोर अध्याय लिहिला, त्याचा शेवट पाहा (१ करिंथ १५:५८). मृत्यू हरला, असे सांगितल्यावर पौल लगेच कामाकडे वळतो. प्रभूमध्ये केलेले श्रम वाया जात नाहीत, असे सांगतो. कसे वाया जात नाहीत, हे तो उलगडून सांगत नाही. पेरलेला दाणा देवाच्या हाती असतो. आपण लावलेले झाड, राखलेली विहीर, नाकारलेली लाच, शेजारच्या काठासाठी केलेली प्रार्थना, ह्यांपैकी काय आणि कोणत्या रूपाने देव आपल्या नव्या सृष्टीत घेईल, हे त्याचे त्याला ठाऊक. यिर्मयाने मडके झाकून ठेवले आणि पुढचे देवावर सोडले. आपणही तसेच करावे.

शब्बाथशाळेच्या शिक्षकांसाठी

लहान मुलांकडून एक मातीचे मडके आणवावे. प्रत्येक मुलाने ह्या वर्षी आपण राखणार असलेल्या एका गोष्टीचे नाव (झाड, नळ, ओढा, पक्ष्यांचे पाण्याचे भांडे) चिठ्ठीवर लिहून त्यात ठेवावे. पुढील वर्षी हंगामाच्या सणाला मडके उघडून चिठ्ठ्या वाचाव्या. मोठ्या मुलांकडून मंदिराचे छप्पर टेपने मोजवावे आणि वर दिलेल्या रीतीने आपल्या गावच्या पावसाचा हिशोब करवावा.

चर्चेसाठी प्रश्न

१. “पृथ्वी जळून जाणारच आहे” असे म्हणणाऱ्या बंधूला २ पेत्र ३:५-१४ वरून तुम्ही प्रेमाने काय सांगाल?

२. रोम. ८ मध्ये पौलाने बाळंतपणाच्या वेणांची उपमा का घेतली असावी?

३. यिर्मयाने आधी शेत घेतले व मग प्रश्न विचारला. आपण बहुधा उलट का करतो?

४. आपल्या मंडळीच्या आवारात किती झाडे, किती विहिरी व किती जमीन आहे? वीस वर्षांपूर्वी किती होती?

५. आपल्या गावच्या नदीचे पाणी आपल्या आधी कोण पितो आणि आपल्या नंतर कोण पितो?

प्रार्थना

हे देवबापा, तू पाणी निर्माण केलेस आणि ते चांगले आहे असे पाहिलेस. आम्ही ते आटवले आणि नासवले. आम्हांवर दया कर. तुझ्या पुत्राला तू कबरेत राहू दिले नाहीस, तशी तुझी सृष्टीही नाशात राहू देऊ नकोस. आमच्या नदीच्या वरच्या अंगाला राहणाऱ्यांना आणि खालच्या अंगाला राहणाऱ्यांना एकमेकांची आठवण दे. पीक पाहायला आम्ही नसलो तरी शेत राखण्याची आशा आम्हांला दे. प्रभू येशूच्या नावाने मागतो. आमेन.